शिंपला विकू नका, होडीची फेरी विका

उरूस असो, औंढ्याची जत्रा असो की हिंगोलीचे दसऱ्याचे प्रदर्शन असो, शंख-शिंपल्यांच्या वस्तूंचे एखादे तरी दुकान तेथे असतेच. शिंपल्यांचे तोरण, कवड्यांची माळ, शिंपले चिकटवलेली आरशाची चौकट, डबी, किचेन, पेन ठेवायचे भांडे असा हा माल. गिऱ्हाईक हौसेने थांबते, घासाघीस करून घेऊन जाते. हा धंदा करणाऱ्यांत आपले बांधवही आहेत. आता काहींच्या मनात पुढचा विचार घोळतो आहे. हिंगोलीतून गाडी भरून कोकणात सहल न्यायची, पहाटे होडीने बेटावर उतरवायचे, लोकांना शिंपले वेचू द्यायचे आणि येताना आपणही पोतेभर माल आणायचा, म्हणजे सहलीचेही पैसे आणि मालाचेही. ऐकायला हिशोब गोड आहे. आमचे मत मात्र असे की या हिशोबाचा अर्धा भाग खरा आणि अर्धा धोक्याचा आहे. कोणता अर्धा कोणता, हे भांडवल घालण्याआधी समजून घेतले पाहिजे.

पहाटच का?

शिंपले ओहोटीला दिसतात. कोकणातले जुने तांडेल भरतीची वेळ तिथीवरून काढतात. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ येते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता. त्यानंतर साधारण सहा तासांनी पूर्ण ओहोटी. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास भरती दुपारी बाराच्या आसपास येते, म्हणून ओहोटी सकाळी सहा-सातच्या सुमारास पडते. याच दिवसांत उधाण असते आणि पाणी सर्वांत जास्त मागे हटते. एरवी पाण्याखाली असणारे खडक आणि वाळूचे पट्टे तेव्हाच उघडे पडतात. नवा चांद दिसला की पुढच्या सकाळी समुद्र दूर गेलेला असतो, हे किनाऱ्यावरच्या पोरालाही ठाऊक असते. शिवाय सकाळी वारा कमी असतो आणि होडी खडकाजवळ नेणे सोपे जाते. म्हणजे पहाटेच्या फेरीमागे शास्त्र आहे आणि ते जाणणारा माणूस बरोबर असेल तरच फेरीला अर्थ आहे. पाणी वळले की तासा-दोन तासांत परतावे लागते. ज्याला हे कळत नाही तो गिऱ्हाइकाला खडकावर अडकवून ठेवील.

ही विद्या ज्यांच्याकडे आहे, ते लोक परके नाहीत. रत्नागिरीच्या राजिवड्याचे मच्छीमार, पिढ्यानपिढ्या समुद्रावर जगणारे दालदी मुसलमान, मालवणचे गाबीत, मुरुडकडचे कोळी, हे सारे या कामातले उस्ताद आहेत. राजपुरीच्या धक्क्यावरून जंजिऱ्याला माणसे नेणाऱ्या शिडाच्या होड्या सर्वांनी ऐकल्या-पाहिल्या आहेत. तेथे होडीवाला किल्ल्याचा दगड विकत नाही. तो जाणे-येणे विकतो, आणि तोच दगड दाखवून दुसऱ्या दिवशी पुन्हा कमावतो. सगळ्या प्रश्नाचे उत्तर याच गोष्टीत आहे.

कायदा काय म्हणतो?

समुद्र कोणाच्या बापाचा नाही, शिंपला उचलला तर काय बिघडले, असे बोलणारे पुष्कळ भेटतात. त्यांनी दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. पहिली, 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या यादीत 2001 साली अनेक शंख-शिंपले आणि सर्व प्रकारची खरी पोवळी घालण्यात आली. नॉटिलस, ट्रायटन म्हणजे मोठा तुतारी शंख, मोठा हेल्मेट शंख, जायंट क्लॅम म्हणजे राक्षसी शिंपला, ही त्यातली काही नावे. 2022 साली या कायद्यात दुरुस्ती झाली आणि 1 एप्रिल 2023 पासून नव्या याद्या लागू झाल्या. पहिल्या यादीतल्या प्राण्याबाबत गुन्हा शाबीत झाला तर कमीत कमी 3 वर्षे, जास्तीत जास्त 7 वर्षे कैद आणि किमान 25 हजार रुपये दंड आहे. जत्रेत पथारी टाकणाऱ्याला यातला दंडच पुरेसा आहे, कैद तर लांबच राहिली.

दुसरी गोष्ट जागेची. मालवणच्या समुद्रात 1987 पासून सागरी अभयारण्य आहे. अभयारण्यातून परवानगीशिवाय कोणताही वन्य जीव नेता येत नाही. तेव्हा होडी कोठे थांबली, यावरही गुन्हा ठरतो. सहल नेणाऱ्याला हे माहीत नसेल तर पन्नास प्रवाशांच्या पिशव्यांची जबाबदारी त्याच्या डोक्यावर येते.

येथे सरकारलाही दोन शब्द सुनावले पाहिजेत. यादीतली नावे लॅटिन भाषेत आहेत. वसमतच्या किंवा कळमनुरीच्या दुकानदाराने ती कशी वाचायची? घाऊक व्यापारी पोते देतो, त्यात कोणता शिंपला चालतो आणि कोणता नाही हे सांगत नाही. पकडला जातो तो शेवटचा विकणारा. वनखात्याने रंगीत चित्रांचा मराठी तक्ता छापावा, प्रदर्शनाच्या मैदानात लावावा आणि दुकानाची जागा देतानाच तो विक्रेत्याच्या हातात द्यावा. कायदा समजावून न सांगता मोडल्याची शिक्षा करणे हा न्याय नव्हे. पण तक्ता मिळेपर्यंत 'आम्हाला माहीत नव्हते' ही सबब न्यायालयात चालणार नाही, हेही तितकेच खरे.

माल खरा कोठला?

गिऱ्हाइकाला वाटते, शिंपला किनाऱ्यावर पडलेला होता, कोणीतरी वेचून आणला. लाटांनी घासलेला किनाऱ्यावरचा शिंपला बहुधा फिका, कडा झिजलेला असतो. दुकानात जो चकाकतो तो बहुतेक वेळा जिवंत प्राण्यासकट काढलेला असतो. नंतर तो उकळून, धुऊन, आम्लात बुडवून, पॉलिश करून बाजारात येतो. कोकणच्या किनाऱ्यावर विकला जाणारा पुष्कळसा मालही कोकणचा नसतो. तो तामिळनाडूच्या किनाऱ्याकडून, रामेश्वरम-कन्याकुमारीच्या बाजारातून आलेला असतो. म्हणजे मालवणला जाऊन पोते भरणारा आपला व्यापारी घाऊक माल किरकोळ भावाने आणणार. यात नफा कसला?

आणि जो शिंपला खरोखर रिकामा पडलेला असतो, तोही निकामी नसतो. शंखवासी खेकडा रिकाम्या शंखातच घर करतो. शंख नाहीसे झाले की तो उघड्यावर पडतो. उरलेले कवच झिजून वाळूत मिसळते. एका माणसाने एक शिंपला खिशात घातल्याने काही होत नाही. पण फेरीच शिंपले वेचण्यासाठी काढली, रोज चाळीस माणसे उतरवली, तर दोन हंगामांत त्या बेटावर वेचायला काही उरणार नाही. मग होडी कशासाठी चालवायची? ज्या फांदीवर बसलो तीच तोडण्याचा हा प्रकार आहे.

अंदमानातल्या वांडूरचे उदाहरण घ्या. तेथे 1983 साली महात्मा गांधी सागरी राष्ट्रीय उद्यान झाले. जॉली बॉय आणि रेड स्किन ही दोन निर्जन बेटे पर्यटकांसाठी आळीपाळीने उघडतात, म्हणजे एकाला विश्रांती मिळते. सकाळी होड्या सुटतात, तळाला काच असलेल्या होडीतून पोवळी दाखवतात. प्लास्टिक नेऊ देत नाहीत, आणि बेटावरून शिंपलाही आणू देत नाहीत. तरी लोक पैसे मोजून जातात. कारण गिऱ्हाइकाला हवे असते ते पाहणे, समजणे आणि घरी जाऊन सांगणे.

हिंगोलीने काय करावे?

आमच्या मते तीन कामे हातात घेण्याजोगी आहेत.

पहिले, जे आज शिंपल्यांच्या वस्तू विकतात त्यांनी पक्क्या बिलाशिवाय माल घेऊ नये, आणि ओळख न पटलेला मोठा शंख किंवा पोवळे दुकानात ठेवू नये. कारागिरांनी गोड्या पाण्याच्या शिंपल्याकडे पाहावे. बिहारच्या पूर्व चंपारण जिल्ह्यात मेहसी हे गाव समुद्रापासून शेकडो मैल दूर आहे. विसाव्या शतकाच्या आरंभी तेथे नदीतल्या शिंपल्यांपासून बटणे पाडण्याचा धंदा सुरू झाला आणि घरोघरी पोहोचला. पुढे प्लास्टिकच्या बटणाने तो मारला, विजेच्या टंचाईने खचवला. तरीही आज हाताने केलेल्या शिंपल्याच्या बटणाला आणि दागिन्याला शहरात चांगले गिऱ्हाईक आहे. पूर्णा आणि पैनगंगेच्या काठी शिंपले आहेत. किती काढावेत, कोणते सोडावेत, याची मर्यादा घालून आणि परवानगी घेऊन दोन-चार कारागिरांनी नमुने करून पाहायला हरकत नाही. मात्र नदी ओरबाडून नव्हे, नाहीतर समुद्राची चूक आपण ओढ्यावर करू.

दुसरे, कोकणच्या सहली जरूर काढाव्यात, पण वेचण्याच्या नव्हे तर पाहण्याच्या. स्थानिक तांडेलाशी आधी करार करावा आणि होडीचा परवाना, विमा, प्रत्येकाला लाइफ जॅकेट हे स्वतः पाहून घ्यावे. मे 2022 मध्ये तारकर्लीजवळ पर्यटकांची होडी उलटून दोघांचा जीव गेला. डिसेंबर 2024 मध्ये मुंबईहून घारापुरीला जाणाऱ्या बोटीला नौदलाची स्पीडबोट धडकली आणि पंधरा माणसे गेली. जॅकेट पेटीत कुलूपबंद ठेवणाऱ्या होडीत आपले गिऱ्हाईक बसवू नये, मग भाडे कितीही कमी असो. पावसाळ्यात तर नावच काढू नये.

तिसरे आणि आमच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे काम घरचे आहे. औंढा नागनाथ तालुक्यात पूर्णेवर सिद्धेश्वर धरण आहे, कळमनुरीच्या बाजूला पैनगंगेवर इसापूर धरण आहे. पाणी उतरू लागले की जलाशयातले उंचवटे बेटांसारखे उघडे पडतात. हिवाळ्यात पाहुणे पक्षी उतरतात. पहाटेच्या फेरीला याहून काय हवे? बारा ज्योतिर्लिंगांपैकी एक असलेल्या औंढ्याला आणि संत नामदेवांच्या नर्सीला बारमाही यात्रेकरू येतात. त्यांना सकाळचे दोन तास देण्याजोगे आज जिल्ह्यात फार थोडे आहे.

पाण्याची माहिती भोई मच्छीमारांना आहे. कोठे बुडालेली झाडे आहेत, कोठे जाळी लागली आहेत, वारा केव्हा फिरतो, हे तेच सांगतील. भांडवल, इंजिन दुरुस्त करणारा मिस्त्री, जीपगाडी, चहा-नाश्त्याची टपरी हे आपल्या बांधवांकडे आहे. एकाचे भांडवल, दुसऱ्याची मेहनत आणि नफ्यात ठरलेला वाटा, ही भागीदारी आपल्या व्यापाऱ्यांना नवी नाही. मच्छीमार सोसायटीला डावलून कोणी एकट्याने होडी आणली तर पहिल्याच महिन्यात भांडण होईल, आणि ते व्हायलाच हवे, कारण त्या पाण्यावर आधी हक्क त्यांच्या पोटाचा आहे. जलसंपदा विभागाची परवानगी, 2021 च्या अंतर्देशीय जलयान कायद्याप्रमाणे होडीची नोंदणी आणि तपासणी, ही कामे वेळखाऊ आहेत. म्हणून एकट्याने नव्हे तर चार-पाच जणांनी मिळून अर्ज करावा.

कोणी म्हणेल, यात किती सुटणार? डिझेल, नावाड्याचा रोज, दुरुस्ती, विमा वजा केल्यावर पहिल्या वर्षी फारसे सुटणार नाही. पण होडीची फेरी विकून संपत नाही. शिंपला एकदाच विकला जातो, आणि तो विकला की पुढच्या गिऱ्हाइकाला दाखवायला काही राहत नाही. मराठीत स्वस्ताला कवडीमोल म्हणतात. पण कधीकाळी याच कवडीवर मालदीवपासून बंगालपर्यंतचा व्यापार चालत होता, आणि इब्न बतूताने चौदाव्या शतकात तो लिहून ठेवला. कवडी मोजून घेणारे व्यापारी तेव्हा होते. आज आपल्यालाही मोजूनच चालावे लागेल.

व्यापारी आणि कारागीर बांधवांना आमची विनंती एवढीच. येत्या हंगामापूर्वी एकत्र बसा, सोसायटीच्या लोकांना बोलवा, सिद्धेश्वरच्या काठावर एक सकाळ घालवा आणि कागदावर हिशोब मांडा. पोते भरण्याचा विचार सोडून द्या. होडी भरण्याचा विचार करा.