तिची तक्रार दिवाणी, त्यांची मात्र फौजदारी

मारहाणीला कंटाळून बाई लेकरांना घेऊन माहेरी येते. अंगावर डोरले, पिशवीत दोन पाटल्या आणि आईने लग्नात घातलेली बोरमाळ. आठ दिवसांत ठाण्यातून निरोप येतो : सासऱ्याने तक्रार दिली आहे, सुनेने घरातले दागिने चोरले. केंद्रात येणाऱ्या बायांकडून ही हकीकत इतक्यांदा ऐकली आहे की आता नावेच तेवढी बदलतात.

उलट बाजूने पाहा. दागिने सासूच्या कपाटात अडकलेली बाई त्याच ठाण्यात जाते, तेव्हा साहेब म्हणतात, "बाई, ही दिवाणी बाब आहे. कोर्टात जा. आणि संसार मोडू नका." म्हणजे दागिने सासरी असले तर दिवाणी, तिच्या पिशवीत असले तर फौजदारी!

कायदा असे म्हणत नाही. प्रतिभा राणी खटल्यात १९८५ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की स्त्रीधन बाईच्याच पूर्ण मालकीचे. सासरच्यांकडे ठेवले तरी ते केवळ विश्वस्त. मागूनही दिले नाही तर विश्वासघाताचा फौजदारी गुन्हा. तेव्हाचे कलम ४०६, आता भारतीय न्याय संहितेचे ३१६. सोन्याची चोरी दखलपात्र, तसाच हाही गुन्हा दखलपात्र. मग एकाच गुन्ह्याची दखल का?

आणि चोरी म्हणजे काय? अप्रामाणिक हेतूने दुसऱ्याच्या ताब्यातून वस्तू नेणे. वस्तू आपलीच आहे अशा प्रामाणिक समजुतीने नेली तर ती चोरी नव्हे, असे उदाहरण १८६० च्या दंड संहितेतच चोरीच्या कलमाखाली दिले होते. बाईने आपली बोरमाळ उचलली, यात अप्रामाणिकपणा कुठला?

शेतावर हीच चाल. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने विधवा पहिल्या वर्गाची वारस आहे, पण सातबाऱ्यावर नाव लावायला तलाठ्याकडे खेटे घालावे लागतात. तेवढ्यात तिने नवऱ्याच्या वाट्यातली ज्वारी कापली की दीर ठाण्यात. जमीन चोरता येत नाही, कापलेले पीक चोरता येते. म्हणून तक्रार पिकाची.

खरे तर त्यांना सोने किंवा ज्वारी नकोच असते. "पोटगीचा अर्ज मागे घे, आम्ही तक्रार मागे घेतो," हे चार दिवसांत कानावर येतेच. चोर हा शब्द गावात फिरला की भाऊही गळाठतो, म्हणतो, ताई, देऊन टाक. आपल्यातल्याही काहीजणी हाच सल्ला देतात, डोक्याचा ताप जाईल म्हणून. मला तो साफ अमान्य आहे. परत केलेला दागिना उद्या चोरीची कबुली म्हणून दाखवला जातो.

कोणी विचारेल, सुनेने खरोखरच सासूचे दागिने नेले असतील तर? मग चौकशी करा ना! ललिता कुमारी खटल्यात २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने कौटुंबिक वादांत गुन्हा नोंदवण्याआधी प्राथमिक चौकशीची मुभा दिली आहे. बाईची तक्रार टोलवताना ही मुभा बरोबर आठवते. सासऱ्याच्या तक्रारीच्या वेळीही आठवू द्या. दागिना कोणी केला, पावती कोणाच्या नावाची, लग्नाच्या फोटोत तो कोणाच्या गळ्यात आहे, हे आधी विचारा. ठाण्यात बाईबरोबर जाणाऱ्या कार्यकर्तीने हे प्रश्न लेखी द्यावेत आणि अर्जाची पोच घ्यावी. तोंडी बोलण्याला तिथे किंमत नाही.

आणि यादीचे काय? हुंडा प्रतिबंधक कायद्याखालच्या १९८५ च्या नियमांप्रमाणे वधूला मिळालेल्या भेटींची यादी वधूनेच ठेवायची असते. त्यात वस्तू, अंदाजे किंमत, देणाऱ्याचे नाव आणि नाते, खाली वधू-वर दोघांच्या सह्या. आपल्याकडे याद लिहितात बैठकीतले पुरुष, आणि कागद जातो कोणा मामाच्या खिशात. येत्या लग्नसराईत ज्या मैत्रिणींना बैठकीचे बोलावणे येईल, त्यांनी त्या कागदाची सह्यांसकट एक प्रत मुलीच्या हातात ठेवूनच उठावे.