पार्किन्सन्सवर जगभर संशोधन जोरात. पण गावातल्या रुग्णाला आज नेमका फायदा कशाचा?

'स्टेम सेलने कंपवात बरा', 'डायबेटिसच्या इंजेक्शनने थरथर थांबली', 'एका टेस्टमध्ये पार्किन्सन्स ओळखा' असे मेसेज आणि व्हिडिओ आता गावोगावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरू लागले आहेत. यातले सगळेच खोटे नाही. गेल्या दोन-तीन वर्षांत या आजारावर खरोखर मोठे संशोधन झाले आहे. अडचण अशी की प्रयोगशाळेतली बातमी आणि दवाखान्यात मिळणारा उपचार यांत बरेच अंतर असते, आणि हे अंतर लपवून पैसे उकळणारेही असतात. म्हणून कोणते संशोधन कुठपर्यंत आले आहे आणि तालुक्याच्या पातळीवर आज काय हाती लागू शकते, हे नीट समजून घ्यायला हवे.

आजार काय आहे?

आपल्या मेंदूच्या खोल भागात डोपामिन नावाचे रसायन तयार करणाऱ्या पेशी असतात. शरीराची हालचाल सुरळीत ठेवायला हे रसायन लागते. पार्किन्सन्समध्ये या पेशी हळूहळू मरतात. हात थरथरू लागेपर्यंत त्यातल्या बऱ्याच पेशी संपलेल्या असतात. लंडनचे डॉक्टर जेम्स पार्किन्सन यांनी १८१७ मध्ये या आजाराचे पहिले सविस्तर वर्णन केले. त्यांचा जन्मदिवस ११ एप्रिल, म्हणून त्या दिवशी जागतिक पार्किन्सन्स दिन पाळतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार २०१९ मध्ये जगात ८५ लाखांहून जास्त लोकांना हा आजार होता, आणि २५ वर्षांत रुग्णांचे प्रमाण दुप्पट झाले आहे.

गावात मात्र याला आजार म्हणून कमी आणि 'म्हातारपण' म्हणून जास्त ओळखतात. सगळ्याच रुग्णांचे हात थरथरत नाहीत. चालताना एक हात न हलणे, पाय घासत चालणे, शर्टाची बटणे लावायला वेळ लागणे, अक्षर बारीक होत जाणे, आवाज खोल जाणे, चेहऱ्यावरचे भाव कमी होणे ही सुद्धा लक्षणे आहेत. वास न येणे, जुनी बद्धकोष्ठता आणि झोपेत ओरडणे किंवा हातपाय झाडणे हे तर काही जणांत कित्येक वर्षे आधीपासून दिसते. 'बाबा आळशी झाले', 'आजी घुमी झाली' असे म्हणून घरचे सोडून देतात आणि निदानाला उशीर होतो.

नवे काय घडले?

पहिली गोष्ट निदानाची. या आजारात मेंदूत अल्फा-सिन्युक्लिन नावाचे प्रथिन चुकीच्या पद्धतीने गोळा होते. पाठीच्या मणक्यातले पाणी काढून त्यात हे बिघडलेले प्रथिन शोधणारी चाचणी २०२३ मध्ये अकराशेहून जास्त लोकांवर तपासली गेली. पार्किन्सन्सच्या सुमारे ८८ टक्के रुग्णांत तिने आजार अचूक पकडला. पण ही चाचणी अजून मुख्यतः संशोधनासाठीच वापरतात. आपल्याकडे निदान आजही डॉक्टरांनी रुग्णाला तपासून, चालवून, हात हलवायला लावूनच होते. साध्या रक्ततपासणीत हा आजार कळत नाही.

दुसरी गोष्ट स्टेम सेलची. एप्रिल २०२५ मध्ये 'नेचर' या नामांकित शास्त्रीय मासिकात दोन चाचण्यांचे निकाल आले. जपानमधल्या क्योटोत ७ आणि अमेरिका-कॅनडात १२ रुग्णांच्या मेंदूत प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशी घातल्या. पेशी जगल्या, त्यांनी डोपामिन तयार केले, गाठी झाल्या नाहीत आणि काही रुग्णांची हालचाल सुधारली. ही आशेची गोष्ट आहे. पण रुग्ण मिळून १९ च आणि हा टप्पा मुख्यतः उपचार सुरक्षित आहे का, हे पाहण्यासाठीच होता.

इथेच फसवणुकीला जागा मिळते. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०१७ च्या नियमांनुसार, रक्ताच्या काही आजारांसारखे ठरावीक अपवाद सोडले तर स्टेम सेल फक्त मान्यताप्राप्त चाचणीतच देता येतात, आणि अशा चाचणीत रुग्णाकडून उपचाराचे पैसे घेता येत नाहीत. म्हणजे कुणी पार्किन्सन्ससाठी लाखो रुपये घेऊन 'स्टेम सेलचे इंजेक्शन' देत असेल, तर तिथून परत फिरलेलेच बरे. शेत गहाण टाकून असा उपचार घेऊ नये.

तिसरी गोष्ट डायबेटिसच्या औषधांची. फ्रान्समध्ये १५६ रुग्णांवर लिक्सिसेनाटाइड हे इंजेक्शन वापरले. २०२४ मध्ये निकाल आला की औषध मिळालेल्यांचा आजार वर्षभर जवळपास तिथेच थांबला, तर इतरांचा थोडा वाढला. जवळपास निम्म्यांना मळमळीचा त्रासही झाला. मात्र त्याच गटातले एक्सेनाटाइड २०२५ मध्ये १९४ रुग्णांवरच्या मोठ्या चाचणीत फेल गेले. आजाराची वाढ थांबवते असे सिद्ध झालेले औषध आजच्या तारखेला एकही नाही.

चौथी गोष्ट मेंदूतल्या 'पेसमेकर'ची, म्हणजे डीबीएसची. फ्रान्समध्ये १९८७ मध्ये सुरू झालेली ही शस्त्रक्रिया आता मुंबई-पुण्यातही होते. मेंदूच्या सिग्नलप्रमाणे करंट आपोआप कमी-जास्त करणाऱ्या नव्या यंत्राला अमेरिकेत २०२५ मध्ये मान्यता मिळाली. पण खर्च कित्येक लाखांत जातो आणि ती प्रत्येकाला लागू पडत नाही. गोळीचा चांगला गुण येणाऱ्या, पण गोळीचा असर मधेच उतरणाऱ्या रुग्णालाच तिचा जास्त उपयोग होतो.

जुनी गोळीच आजही कामाची

या सगळ्या बातम्यांत एक गोष्ट मागे पडते. १९६० च्या दशकात पुढे आलेली लिव्होडोपा हीच आजही सर्वात गुणकारी गोळी आहे. कार्बिडोपासोबतची ही गोळी केंद्र सरकारच्या आवश्यक औषधांच्या यादीत आहे. खाजकुइलीच्या बियांत हेच द्रव्य नैसर्गिकरीत्या असते. पण बियांच्या चूर्णात त्याचे प्रमाण कमी-जास्त असते, म्हणून गोळीसोबत मनाने चूर्ण घेणे धोक्याचे आहे.

गोळीचा गुण वेळेवर अवलंबून असतो. शक्यतो जेवणाआधी अर्धा-पाऊण तास घ्यावी. दूध, डाळ, अंडी अशा प्रथिनांसोबत ती नीट लागू पडत नाही. गोळी एकदम बंद तर कधीच करू नये, जिवावर बेतू शकते. तालुक्याच्या मेडिकलमध्ये ती संपली की रुग्णाचे दोन दिवस अंथरुणात जातात. त्यामुळे संपण्याआधी आठवडाभर मेडिकलवाल्याला सांगून ठेवावे आणि जन औषधी केंद्रातही चौकशी करावी.

आणखी एक महत्त्वाची बाब. गॅस, उलटी, चक्कर यांवर सर्रास दिल्या जाणाऱ्या काही गोळ्यांमुळेच पार्किन्सन्ससारखी लक्षणे येऊ शकतात. लेव्होसल्पिराइड, मेटोक्लोप्रामाइड, सिनारिझिन, फ्लुनारिझिन ही त्यातली नावे. अशी गोळी महिनोन्महिने चालू असेल आणि थरथर किंवा ताठरपणा आला असेल, तर सगळ्या गोळ्यांची पाकिटे पिशवीत घालून डॉक्टरांना दाखवावीत. बऱ्याच रुग्णांची लक्षणे ती गोळी बंद झाल्यावर काही आठवड्यांत किंवा महिन्यांत कमी होतात.

फवारणीचा संबंध

शेतकऱ्यांसाठी हा भाग सगळ्यात जवळचा. अमेरिकेतल्या आयोवा आणि नॉर्थ कॅरोलिना राज्यांतल्या शेती करणाऱ्या कुटुंबांच्या २०११ च्या अभ्यासात पॅराक्वाट हे तणनाशक किंवा रोटेनोन हे कीटकनाशक वापरणाऱ्यांत पार्किन्सन्सचा धोका अंदाजे अडीचपट आढळला. कंपन्यांना हा संबंध मान्य नाही. फ्रान्सने मात्र २०१२ मध्येच कीटकनाशके हाताळणाऱ्या शेतकऱ्यांचा पार्किन्सन्स हा व्यवसायामुळे होणारा आजार मानला, त्यामुळे तिथे भरपाई मागता येते. पॅराक्वाटवर अनेक देशांत बंदी आहे, भारतात ते अजून वापरले जाते. फवारणी करणाऱ्या प्रत्येकाला हा आजार होतो असे नाही. पण उघड्या हाताने औषध कालवणे, गळका पंप पाठीवर घेणे, बनियनवर वाऱ्याच्या विरुद्ध फवारणे या सवयी सोडणे आपल्याच हातात आहे.

हक्काचे काय?

२०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात ज्या २१ प्रकारांची नोंद आहे, त्यात पार्किन्सन्सही आहे. हे अनेक कुटुंबांना ठाऊकच नसते. यूडीआयडी पोर्टलवर अर्ज करून सरकारी रुग्णालयात तपासणीनंतर प्रमाणपत्र मिळते. दिव्यांगत्व ४० टक्के किंवा जास्त भरले, तर योजनांचा मार्ग खुला होतो. उत्पन्नाच्या अटीत बसणाऱ्यांनी संजय गांधी निराधार योजनेची चौकशी तहसील कार्यालयात करावी.

मेंदूविकार तज्ज्ञ तालुक्याला नसतात, ही खरी अडचण आहे. त्यासाठी उपकेंद्रातून किंवा मोबाइलवरून ई-संजीवनीवर डॉक्टरांचा सल्ला घेता येतो. निदान एकदा तज्ज्ञाकडून पक्के करून घ्यावे, पुढची देखरेख जवळचे डॉक्टर करू शकतात. पुण्यातले पार्किन्सन्स मित्रमंडळ रुग्ण आणि घरच्यांसाठी मराठीतून काम करते.

व्यायामाला तर एक रुपया लागत नाही. अमेरिकेत २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या १२८ रुग्णांच्या चाचणीत आठवड्यातून तीन-चार वेळा दम लागेल असा जोरात चालण्याचा व्यायाम ठरवून दिलेल्यांचा त्रास सहा महिन्यांत कमी वाढला. डॉक्टरांना विचारून, सोबत कुणीतरी घेऊन, सकाळी रस्त्याने झपझप चालणे गावात सहज जमते. नवी औषधे येतील तेव्हा येतील. तोवर लवकर निदान, वेळेवर गोळी आणि रोजचे चालणे या तीन गोष्टींवर रुग्णाची पुढची कित्येक वर्षे अवलंबून आहेत.