हसायचं कुणाला? चिमणरावांकडून शिकू या!



वर्गात एखादं मूल वाचताना अडखळलं, की बाकीची फिदीफिदी हसतात. मग ते मूल हात वर करणंच सोडून देतं. आपण "हसू नका रे!" म्हणून सगळ्यांना गप्प करतो. पण हसावं कसं, हे शिकवतो का? माझ्या मते तेही शिकवायला हवं. त्यासाठी एक जुना माणूस फार उपयोगी आहे, तो म्हणजे चिमणराव.

१९७० च्या दशकाच्या अखेरीस मुंबई दूरदर्शनवर चिमणराव-गुंड्याभाऊंची मालिका लागायची. चिमणराव झाले होते दिलीप प्रभावळकर आणि गुंड्याभाऊ बाळ कर्वे. तेव्हा आपल्या आखाडा बाळापूरकडे दूरदर्शन पोचलंच नव्हतं, त्यामुळे इथल्या आजी-आजोबांनाही ती पाहायला मिळाली नाही. मूळ कथा मात्र त्याच्याही खूप आधीच्या. त्या लिहिल्या चिं. वि. जोशी (१८९२-१९६३) यांनी. ते बडोद्याला पाली भाषेचे प्राध्यापक होते.

चिमणराव साधा कारकून, थोडा भित्रा, पण स्वतःला शहाणा समजणारा. गुंड्याभाऊ दणकट, हट्टी, हातात सोटा. दोघं मिळून सरळ काम वाकडं करून ठेवतात. आणि ही फजिती सांगतो कोण? खुद्द चिमणराव! तो दुसऱ्याच्या व्यंगावर बोट ठेवत नाही, स्वतःचीच गोष्ट रंगवून सांगतो. म्हणून आपण हसतो आणि तरी तो आपल्याला आवडतो. मोबाईलवर कुणीतरी धपकन पडल्याचे व्हिडिओ पाहून येणारं हसू वेगळं. त्यात पडणाऱ्याला लागलं का, हे कुणी विचारत नाही.

चौथी-पाचवीला एक उपक्रम घेऊन पाहा. आधी एक कथा वाचून दाखवा. भाषा जुनी, पुणेरी आहे, म्हणून अवघड शब्द सोपे करा. काही विनोद आज पटणार नाहीत, ते वगळा. मग मुलांना 'माझी फजिती' सांगू द्या, आपल्या बोलीत, 'मही फजिती' म्हणून! नियम एकच, गोष्ट फक्त स्वतःची सांगायची. सांगायचं नसेल त्याला आग्रह नको.

आणखी एक सोय आहे. जोशींच्या हयातीत छापलेलं लेखन १ जानेवारी २०२४ पासून स्वामित्वहक्कातून मुक्त झालंय. स्नेहसंमेलनात त्यावर नाटुकलं बसवायला परवानगी लागत नाही.

"अभ्यास सोडून हे काय?" असं काही पालक म्हणतील. पण चुकायची भीती गेल्याशिवाय मूल मोठ्यानं वाचणार कसं? पालकहो, घरीसुद्धा जेवताना एखादी स्वतःची फजिती सांगा की!