ढापे टाकायचे कोणी?

भीमेकाठच्या पाणी वापर संस्थांच्या पत्रांचा गठ्ठा समोर आहे. मांडवगण फराटा, वडगाव रासाई या बाजूची पत्रे आहेत, तशी पलीकडची नानगाव, कानगाव परिसरातलीही. मधली नदी ही शिरूर आणि दौंडची हद्द. तक्रार मात्र दोन्ही काठांची एकच: गेल्या हंगामात प्रवाह ओसरू लागला तरी कोल्हापुरी बंधाऱ्यांचे ढापे वेळेत पडले नाहीत. पडले तिथे रबरी सील नसल्याने पाणी निघून गेले. विचारायला जावे तर बंधारा एका उपविभागाचा, वरून नदीत पाणी सोडणारे धरण दुसऱ्या विभागाचे, उपसा परवान्याची नोंद तिसऱ्या टेबलावर. तिन्ही ठिकाणी ऐकून घेतले जाते, आणि तिन्ही ठिकाणांहून पुढचे दार दाखवले जाते. तोवर नदी वाहून जाते.

डिसेंबर २०२४ च्या खातेवाटपात जलसंपदा विभाग महामंडळनिहाय दोन मंत्र्यांत विभागला गेला. गोदावरी आणि कृष्णा खोरे राधाकृष्ण विखे पाटील यांच्याकडे आले, तर विदर्भ, तापी आणि कोकण गिरीश महाजन यांच्याकडे गेले. त्यानंतर विभागाच्या पुनर्रचनेची चर्चा पुन्हा सुरू झाली आहे. ती मंत्रालयातच राहिली तर भीमेच्या बंधाऱ्यावर एक ढापाही वेळेत पडणार नाही.

कृष्णा खोरे विकास महामंडळ १९९६ साली स्थापन झाले ते बांधण्यासाठी. बच्छावत लवादाच्या निवाड्याचा फेरविचार ३१ मे २००० नंतर होऊ शकत होता. त्याआधी आपल्या वाट्याचे पाणी अडवायचे म्हणून कर्जरोखे काढले, विभाग उघडले, धरणे उभी केली. त्या वेळी ते योग्यच होते. पण बांधणारी यंत्रणा आणि पाणी चालवणारी यंत्रणा यांत फरक असतो. चितळे आयोगाने १९९९ मध्येच नदीखोरे हा नियोजनाचा पाया मानला होता. २००५ च्या जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाच्या कायद्याने तर पाचही महामंडळांना नदीखोरे अभिकरण ठरवले. कायद्यात नाव बदलले. मंडळे, विभाग, शाखा मात्र प्रकल्पांच्या नावानेच राहिल्या. आपल्या विभागाला याची सवयच आहे: १९७६ च्या सिंचन अधिनियमाखाली स्वतंत्र नियम दशकानुदशके झाले नाहीत आणि कारभार १९३४ च्या मुंबई कालवे नियमांवर चालला.

याचा परिणाम नकाशावर पाहा. एकट्या शिरूर तालुक्यात घोडचा उजवा कालवा, डिंभ्याचा उजवा कालवा आणि चासकमानचा डावा कालवा. दौंडमध्ये नवा मुठा उजवा कालवा, बेबी कालवा, जनाई-शिरसाई उपसा योजना, आणि पूर्वेला राजेगाव, खानोट्याकडे उजनीचे फुगवट्याचे पाणी. प्रत्येक प्रकल्प १५ ऑक्टोबरचा साठा धरून आपला प्राथमिक सिंचन कार्यक्रम करतो. कालवा सल्लागार समितीत आवर्तनांवर वाद होतात, तारखा ठरतात. या सगळ्या कार्यक्रमांच्या मधून वाहणारी भीमा मात्र कोणाच्याच कार्यक्रमात नाही. कालव्यांचा पाझर नदीत उतरतो, रांजणगाव सांडसला मुळा-मुठेतून पुणे शहराचे वापरलेले पाणी येऊन मिळते, दोन्ही काठांवर मोटारी चालतात. या पट्ट्यात किती आले, किती उपसले गेले आणि खाली किती गेले, याचा ताळेबंद एका सहीने कोणी देत नाही. खडकवासला साखळीतल्या चार धरणांच्या २९.१५ टीएमसीवर शहर आणि कालवा यांचा तंटा दरवर्षी गाजतो. त्यातले शहराने वापरून सोडलेले पाणी पुढे कुठे मुरते, हा हिशेब मात्र कोणी मागत नाही.

ओढ्यानाल्यांवर तर हेक्टरची मोजपट्टी. शंभर हेक्टरांपर्यंतचे काम जिल्हा परिषदेकडे, सहाशेपर्यंत मृद व जलसंधारण विभागाकडे, त्यावर जलसंपदा. ओढा तोच, पाणलोट तोच, अंदाजपत्रके तीन.

आमची मागणी स्पष्ट आहे. उजनीच्या वरची भीमा हे एक उपखोरे धरा. कालवे, बंधारे आणि नदीपात्र मिळून त्याची जबाबदारी एका अधीक्षक अभियंत्यावर टाका आणि दरमहा पाण्याचा ताळेबंद प्रसिद्ध करा. बांधकाम संपलेले विभाग व्यवस्थापनाकडे वळवा. २०२३ अखेर विभागाने ४,४९७ पदांची जाहिरात काढली होती. त्यातून आलेले कालवा निरीक्षक आणि मोजणीदार चारीवर दिसले पाहिजेत, कार्यालयातल्या टपालावर नव्हे. त्यांच्या हाती वाहन आणि चालू स्थितीतली मोजमाप साधने द्या. फ्ल्यूमची पट्टीच पुसलेली असेल तर घनमापन पद्धतीने पाणीवाटपाचा २००५ चा कायदा कागदावरच राहणार.

आता आपल्या संस्थांबद्दल. संचालक मंडळाची मुदत संपूनही निवडणूक न घेतलेल्या संस्था आपल्यात आहेत. सभासदांकडून पाणीपट्टी गोळा करून ती विभागाकडे न भरणाऱ्या आहेत. आवर्तन सुटल्यावर गेटवर गर्दी करायची आणि नमुना ७ चे अर्ज मात्र मुदतीनंतर द्यायचे, हे टेलच्या शेतकऱ्यावर अन्याय करणारे आहे. ज्या संस्थेकडे स्वतःच्या मायनरच्या विसर्गाची वही नाही, तिला अधिकाऱ्यासमोर ठामपणे बोलता येत नाही. हे कटू आहे, पण आपणच आपल्या बाजूचा पुरावा ठेवला नाही.

१५ ऑक्टोबर जवळ येत आहे. प्रत्येक बंधाऱ्याच्या दोन्ही काठांवरील संस्थांनी एकत्र बसावे, शिरूर-दौंड हा भेद बाजूला ठेवावा. ढापे किती आहेत, किती वाकले, किती चोरीला गेले, सील किती लागतील याची यादी प्रत्यक्ष बंधाऱ्यावर जाऊन करावी. एकच संयुक्त ठराव करावा आणि संबंधित प्रत्येक कार्यकारी अभियंत्याच्या कार्यालयात देऊन आवक क्रमांक घ्यावा. ठरावाची प्रत आणि आवक क्रमांक आमच्याकडे पाठवा. कोणत्या बंधाऱ्यावर ढापे कोणत्या तारखेला पडले आणि कुठे पडले नाहीत, हे पुढच्या अंकात बंधारानिहाय छापू.