उंदीर, वाटाणा आणि आगकाड्या

परवा सिडकोतल्या घरी भाच्याने आगकाड्यांचा उंदीर केला. काडी जराशी हलवायची, फोटो काढायचा, पुन्हा हलवायची. दुपारभर खपून मोबाइलवर दहा सेकंदांचा मूकपट! उंदराने सिंहाचं जाळं कुरतडलंसुद्धा. "रिकामे उद्योग," ताई म्हणाली.

मला नाही पटलं बुवा. दादासाहेब फाळक्यांनी १९१५ मध्ये 'आगकाड्यांची मौज' अशीच केली होती. त्याही आधी कुंडीतला वाटाणा रोज थोडा थोडा चित्रित करून त्याचं रोप होताना त्यांनी दाखवलं, तेव्हा कुठे 'राजा हरिश्चंद्र'साठी (१९१३) पैसे उभे राहिले. म्हणजे इथे सिंहाला सोडवलं ते वाटाण्याने! पण त्याचं नाव कोण घेतो?

ताई, त्याला आणखी एक काडेपेटी आण. काड्यांचे गूल मी काढून देईन.