परवाना नाही, हा दोष कोणाचा?

महापालिकेची गाडी आली की आपल्या वस्तीतल्या भाजीवाल्या मावशींना पहिला प्रश्न विचारला जातो : परवाना आहे का? आमचा प्रश्न उलटा आहे : परवाना दिला का नाही?

रस्त्यावरची विक्री हा वाजवी निर्बंधांसह मूलभूत अधिकारच आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये सोदानसिंग खटल्यात मान्य केले. 2014 च्या पथविक्रेता कायद्याचे कलम 3(3) त्याच्याही पुढे जाते. सर्वेक्षण होऊन विक्री प्रमाणपत्रे मिळेपर्यंत कोणालाही हटवायचे नाही, असे ते सांगते. म्हणजे सर्वेक्षण रखडवायचे आणि कागद नाही म्हणून हातगाडी उचलायची, हा कायद्यालाच हरताळ आहे. जप्ती झालीच तर मालाची यादी द्यावी लागते. शुल्क भरून मागणी केल्यास नाशवंत माल त्याच दिवशी परत मिळायला हवा.

नगर पथविक्रेता समितीत किमान 40 टक्के सदस्य विक्रेत्यांनी निवडून दिलेले असावे लागतात. त्यांत एक तृतीयांश महिला आणि अनुसूचित जातींनाही योग्य प्रतिनिधित्व हवे. जागा कायद्याने दिली आहे, ती भरणे आपल्या हातात आहे.

जप्तीच्या दिवशी आपण धावून जातो. सर्वेक्षणाच्या आणि समितीच्या निवडणुकीच्या दिवशीही तितक्याच संख्येने जाऊया.