हानि कोठें होते?

हल्लीं आमच्या विद्यार्थिवर्गांत 'लॉसलेस' ध्वनीची मोठी चर्चा ऐकूं येते. कॉम्पॅक्ट डिस्कवर दर सेकंदास ४४,१०० वेळां ध्वनीचें मोजमाप नोंदलेलें असतें. एमपी-३ पद्धति त्यांतील जें मानवी कानास ऐकूं येणार नाहीं असें मानते, तें गाळून टाकते. २००१ सालीं प्रसिद्ध झालेली फ्लॅक ही लॉसलेस पद्धति कांहींच गाळीत नाहीं. ती केवळ घडी घालते, आणि घडी उलगडली कीं मूळ नोंद जशीच्या तशी परत मिळते.

हा भेद पारखावा म्हणून आम्हीं बीटल्स या इंग्रज गायकमंडळीचा १९६७ सालचा 'सार्जंट पेपर्स लोन्ली हार्ट्‌स क्लब बँड' हा अल्बम लॉसलेस प्रतींत ऐकला. अखेरच्या गीताच्या शेवटीं अनेक पियानोंवर एकदम वाजविलेला स्वरमेळ कित्येक सेकंद विरत जातो. तो मंदावत असतां ध्वनिग्रहणाची पातळी वाढवीत नेल्यामुळें लंडनच्या त्या स्टुडिओंतील खुर्चीची करकरही त्यांत उमटली आहे. ती प्रथमच ऐकूं आली, तेव्हां आम्हांस धन्यता वाटली. परंतु एका विद्यार्थ्यानें पाठीमागें बसून, कोणती प्रत वाजत आहे हें न सांगतां, लॉसलेस व उत्तम प्रतीची एमपी-३ मिळून तोच भाग दहा वेळां वाजविला. आमचीं पांच उत्तरें चुकलीं! नाणें उडविलें असतें तरी निकाल बहुधा हाच लागता. करकर दोन्ही प्रतींत होती. पूर्वीं आम्हींच लक्ष दिलें नव्हतें.

यावरून लॉसलेस व्यर्थ आहे, असें आमचें मत नाहीं. पोथीच्या नकलेवरून नक्कल करीत गेल्यास चुका वाढतात. तद्वत् गाळलेला ध्वनि पुनः पुनः गाळल्यास हानिही वाढते. म्हणून जो संग्रह पुढील पिढीच्या हातीं द्यावयाचा, तो लॉसलेसच असावा. परंतु जें ऐकूं आलें नाहीं तें ऐकूं आलें असें कोणी म्हणूं नये, व ज्याच्यापाशीं स्वस्त यंत्र आहे त्यास हिणवूं नये. असें हिणविणें आम्हीं वर्गांत ऐकिलें आहे. तें त्या करकरीहून फार कर्कश होतें.

आम्हांस खरा लाभ झाला तो निराळाच. परीक्षेच्या निमित्तानें तो सुमारें चाळीस मिनिटांचा अल्बम आम्हीं प्रथमच मध्यें न उठतां ऐकला. यंत्र जें गाळतें त्याहून किती तरी अधिक आमचें चंचल चित्त गाळीत असतें. विद्यार्थिमित्रांनो, प्रत मिळेल ती घ्या. परंतु ऐकावयास बसाल तेव्हां पूर्ण ऐका.